खावटीची तारीख पुढे घेताना : बिलोली परिसरातील वकील मंडळींना खुले पत्र

प्रति,
बिलोली, देगलूर, नायगाव आणि धर्माबाद तालुक्यांत वकिली करणारे सर्व विधिज्ञ



हे पत्र न्यायाधीशांना किंवा सरकारला न लिहिता आपल्याला लिहीत आहे, त्याला कारण आहे. न्यायाधीशांच्या बदल्या होतात, सरकारे बदलतात. आपण मात्र इथलेच असता. जिला नवरा नांदवत नाही ती बाई आधी गावातल्या चार माणसांपुढे जाते, मग पोलीस ठाण्यात जाते, आणि सगळीकडे समजूत घालून परत पाठवले की शेवटी आपल्यापैकी कोणाच्या तरी टेबलासमोर येऊन बसते. तिचा नवराही आपल्यापैकीच दुसऱ्या कोणाला वकीलपत्र देतो. तिच्या खावटीच्या अर्जाचे पुढे काय होणार, हे कायद्याच्या पुस्तकापेक्षा या दोन टेबलांवर जास्त ठरते. म्हणून माझी तक्रार आपल्याशी आहे आणि मागणेही आपल्याकडेच आहे.

कायदा अपुरा आहे, अशी माझी तक्रार नाही. ऐपत असूनही पत्नीला सांभाळायला नकार देणाऱ्या किंवा तिची हेळसांड करणाऱ्या नवऱ्याकडून दरमहा निर्वाहखर्च मागण्याचा हक्क फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ ने दिला होता. १ जुलै २०२४ पासून तोच हक्क भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ मध्ये आहे. मूळ केंद्रीय कायद्यात महिना ५०० रुपयांची मर्यादा होती, ती २००१ च्या दुरुस्तीने गेली. त्याच दुरुस्तीने अंतरिम खावटीची सोय कायद्यातच लिहिली आणि नोटीस बजावल्यापासून शक्यतो ६० दिवसांत तिचा निकाल लावा असे सांगितले. कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायदा २००५ चा आहे. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे कोणत्याही स्त्रीला, तिचे उत्पन्न न विचारता, मोफत वकील मिळतो. १९८८ मध्ये नवऱ्यांनी टाकलेल्या बायकांचा प्रश्न समता आंदोलन या संघटनेने संगमनेरला चव्हाट्यावर आणला तेव्हा यातले बरेच काही नव्हते. आज ते आहे. तरी हातात पैसे पडत नाहीत, आणि ते का पडत नाहीत याचे उत्तर मला एकाच ठिकाणी सापडते: विलंबात.

खावटी ही जमिनीच्या दाव्यासारखी गोष्ट नाही. जमिनीचा निकाल दहा वर्षांनी लागला तरी जमीन जागेवर असते. जुलै महिन्याचे पीठ-मीठ मात्र जुलैतच लागते, आणि लेकराची वह्या-पुस्तके शाळा सुरू होतानाच घ्यावी लागतात. दोन वर्षांनी मिळालेला आदेश गेलेल्या दोन वर्षांची उपासमार भरून काढत नाही. त्या काळात ती भावाच्या, भावजयीच्या उपकाराखाली दबलेली असते, किंवा मिळेल त्या अटीवर तडजोड करून मोकळी झालेली असते. विलंबाने तिची बाजू नुसती लांबत नाही, ती मोडते. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये एका प्रकरणात नेमके यावरच बोट ठेवले होते: खावटीचा अर्ज नऊ वर्षे पडून होता आणि मधल्या काळात अंतरिम खावटीसुद्धा दिलेली नव्हती. २०११ च्या जनगणनेत देशात नवऱ्यापासून विभक्त राहणाऱ्या स्त्रिया २३ लाखांहून अधिक नोंदल्या गेल्या, घटस्फोटित स्त्रियांच्या दुपटीहून जास्त. म्हणजे लग्न कायद्याने मोडलेले नाही आणि संसारही नाही, अशा अधांतरी अवस्थेतल्या बायकाच जास्त आहेत. त्यांना निकालापेक्षाही लवकर मिळणाऱ्या अंतरिम आदेशाची गरज आहे.

या विलंबाचे सर्वांत मोठे कारण वेळेत न येणारे उत्पन्नाचे शपथपत्र हे आहे, असे माझे मत आहे. ‘रजनेश विरुद्ध नेहा’ हा ४ नोव्हेंबर २०२० चा निकाल आपण सगळे जाणता. प्रकरण आपल्याच राज्यातले, नागपूरच्या कौटुंबिक न्यायालयातून वर गेलेले. अंतरिम खावटीचा प्रश्न सात वर्षे लोंबकळत राहिल्याचे पाहून सर्वोच्च न्यायालयाने देशभरासाठी शिस्त घालून दिली: दोन्ही पक्षांनी मालमत्ता आणि देण्यांचे शपथपत्र दाखल करायचे, नवऱ्याने ते उत्तरासोबत जास्तीत जास्त चार आठवड्यांत द्यायचे, त्यासाठी दोनपेक्षा जास्त तारखा मागायच्या नाहीत, मुद्दाम टाळाटाळ दिसली तर न्यायालय त्याचा बचाव काढून टाकू शकते, आणि शपथपत्रे आल्यावर चार ते सहा महिन्यांच्या आत अंतरिम अर्जाचा कारणांसह निकाल व्हावा. या सूचना पाळल्या जात नाहीत म्हणून त्याच न्यायालयाला नोव्हेंबर २०२३ मध्ये पुन्हा नाराजी व्यक्त करावी लागली. याचा अर्थ आजार एकट्या बिलोलीचा नाही. पण उपाय मात्र ज्याच्या-त्याच्या न्यायालयातच करावा लागेल.

रजनेश निकालाला जोडलेल्या शपथपत्राच्या नमुन्यांपैकी एक खास शेती करणाऱ्यांसाठी आहे, आणि आपल्या भागाला तोच लागू पडतो. तो एकदा नीट वाचला तर लक्षात येते की लिहिणाऱ्याला शेतकरी कुटुंबातली लपवाछपवी चांगली ठाऊक आहे. एकूण जमीन किती आणि तीत स्वतःचा हिस्सा किती, फेरफाराची कागदपत्रे, जमीन ओलिताची की कोरडवाहू, वर्षभरात कोणती पिके घेतली, मागच्या तीन वर्षांत उत्पन्न किती झाले, दुसऱ्याची जमीन बटईने केली का, म्हशी, गाई, शेळ्या, कोंबड्या किती, दुधाचा धंदा आहे का, जमिनीवर कर्ज किती, हे सगळे तिथे विचारलेले आहे. “मी मजुरी करतो, माझ्या नावावर काही नाही” या एका ओळीच्या उत्तराला या नमुन्यात जागाच नाही. आणि तरी कोणी तसे लिहून दिले, तर ते खोडून काढायला आता कागद पुष्कळ आहेत. सातबारा आणि आठ-अ मोबाईलवर दिसतो. ई-पीक पाहणीत कोणत्या गटात कापूस, कोणत्या गटात सोयाबीन लावले याची नोंद असते. पीक विम्याचा भरणा, पीएम किसानचा हप्ता, कापूस खरेदी केंद्राची पावती, उसाचे बिल, ट्रॅक्टरचे कर्ज, हे सगळे एकेका बँक खात्यातून जाते. अर्जदार बाईच्या वकिलांना माझी विनंती आहे की अर्ज दाखल करतानाच हे कागद जोडावेत किंवा मागवण्याचा अर्ज सोबत द्यावा. तिला स्वतःला नवऱ्याचा गट नंबर माहीत नसतो. पण शिवार माहीत असते, शेजारचा शेतकरी माहीत असतो. तेवढ्यावरून बाकीचे शोधणे वकिलाला अवघड नाही. अर्जात “सामनेवाल्यास पाच एकर बागायती जमीन असून वार्षिक उत्पन्न लाखो रुपये आहे” असा साचेबंद मजकूर टाकून पुढे एकही उतारा न जोडणे, यानेही तिचे तितकेच नुकसान होते.

नवऱ्याकडून उभे राहणारे वकील इथे म्हणतील, आमचे कर्तव्य आमच्या पक्षकाराशी आहे. ते मान्य आहे. नवऱ्यालाही बाजू मांडण्याचा पूर्ण हक्क आहे, त्याची ऐपत खरोखर कमी असेल तर ती दाखवण्याचाही. पण तारीख घेणे हा बचाव नव्हे. आणि आता ते पक्षकाराच्या हिताचेही राहिलेले नाही, कारण रजनेश प्रकरणाने खावटी अर्जाच्या तारखेपासून द्यायची असे ठरवले आहे. समजा दरमहा ३,००० रुपयांचा आदेश व्हायचा आहे. दोन वर्षे तारखा घेतल्या तर निकालाच्या दिवशी ७२,००० रुपयांची थकबाकी एकदम अंगावर येते. कोरडवाहू शेतकऱ्याला महिना ३,००० जमवणे जड जाईल, पण ७२,००० एकरकमी भरणे अशक्यच होईल, आणि मग वॉरंट निघते. ज्या वकिलाने त्याला सुरुवातीलाच शपथपत्र खरे द्यायला लावले आणि झेपेल अशी अंतरिम रक्कम मान्य करायला लावली, त्याने आपल्या पक्षकाराची जास्त चांगली सेवा केली असे मी समजेन.

आता नेहमीच्या हरकती. “तो काहीच कमावत नाही” या म्हणण्याला सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये उत्तर दिले आहे: धडधाकट माणसाने अंगमेहनत करून का होईना, पण बायको-मुलांना सांभाळले पाहिजे. “जमीन वडिलांच्या नावावर आहे” हे अनेकदा खरेही असते, पण जमीन वडिलोपार्जित असेल तर मुलाचा हिस्सा सातबारावर नाव नसतानाही असतो. नोटीस लागल्यावर घाईने केलेले हक्कसोडपत्र न्यायालयाच्या नजरेला आणून देणे हे समोरच्या वकिलाचे काम आहे. “ती स्वतः रोजाने जाते, मग खावटी कशाला?” ही हरकत तर मला सर्वांत कठोर वाटते. नवऱ्याने सोडल्यावर उपाशी मरायचे नाही म्हणून ती कापूस वेचायला, सोयाबीन काढायला जाते, आणि तीच मजुरी तिच्याविरुद्ध पुरावा म्हणून वापरली जाते. २००७ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की स्वतःचा निर्वाह करायला असमर्थ याचा अर्थ पूर्ण निराधार, भीक मागायच्या स्थितीतली असा नाही. जगण्यापुरते चार पैसे मिळवले म्हणून तिचा हक्क जात नाही. हंगामातल्या मजुरीवर वर्ष निघत नाही हे मराठवाड्यात कोणाला समजावून सांगावे लागू नये.

“मी नांदवायला तयार आहे, तीच येत नाही” हा सर्वांत जुना बचाव. पुरेसे कारण नसताना नवऱ्याकडे राहायला नकार दिला तर खावटी मिळत नाही, असे कायदा म्हणतो हे खरे. पण नवऱ्याने दुसरे लग्न केले असेल किंवा दुसरी बाई ठेवली असेल तर तिचे न जाणे योग्यच आहे, हेही तोच कायदा म्हणतो. मारहाणीचे, उपासमारीचे कारण असेल तर ते वेगळे. नांदवण्याचा हुकूम नवऱ्याने मिळवला आणि ती गेली नाही, तरी तेवढ्यावर तिची खावटी आपोआप बंद होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १० जानेवारी २०२५ च्या निकालात स्पष्ट केले आहे. न जाण्याचे कारण पाहावे लागते. म्हणून खावटीचा अर्ज लागला की दुसऱ्या दिवशी नांदवण्याची नोटीस टाकायची, ही पद्धत आता टिकणारी नाही. पहिले लग्न लपवून दुसरी केली असेल तर तो नवरा त्या दुसरीला “तुझे लग्नच बेकायदा” म्हणून हात झटकू शकत नाही, हा ऑक्टोबर २०१३ चा निकालही महाराष्ट्रातल्याच प्रकरणातला आहे.

मला सर्वांत जास्त बोलायचे आहे ते बाँड पेपरवरच्या काडीमोडाबद्दल. गावात बैठक होते, चार माणसे समजूत काढतात, आणि एका बाँडवर लिहून घेतले जाते की दोघे आपसांत राजीखुशीने वेगळे झाले, तिने एवढी रक्कम घेतली, यापुढे कसलाही हक्क मागणार नाही. खाली तिचा अंगठा किंवा सही, दोन साक्षीदार, नोटरीचा शिक्का. हिंदू विवाह कायद्याखाली अशा कागदाने लग्न मोडत नाही. रूढीने काडीमोड होतो असे म्हणायचे तर ती रूढी पुराव्याने सिद्ध करावी लागते. आणि पोटगीचा हक्क कायमचा सोडल्याचा करार सार्वजनिक धोरणाच्या विरुद्ध आहे, असे मुंबई उच्च न्यायालयाने म्हटले आहे. तरी हा कागद घातक आहे. कारण त्यातले “राजीखुशीने वेगळे” हे शब्द पुढे कलम १४४ मधल्या परस्पर संमतीने वेगळे राहण्याच्या अपवादात बसवले जातात आणि ती न्यायालयात आली की पहिल्याच तारखेला तिच्यापुढे धरले जातात. हा मजकूर बैठकीतली माणसे लिहीत नाहीत. त्यातली कायद्याची भाषा कोणीतरी जाणकाराने घातलेली असते. आपल्यापैकी कोणीही असा कागद तयार करू नये, नोटरी म्हणून त्यावर शिक्का मारू नये, एवढे आपण वकील संघाच्या बैठकीत ठरवू शकता. तडजोड करायचीच असेल तर ती न्यायालयासमोर किंवा लोकअदालतीत व्हावी, रक्कम तिच्या स्वतःच्या खात्यात जमा व्हावी, आणि मुलांची खावटी त्यात बुडवली जाऊ नये, कारण मुलांचा हक्क आईला सोडता येत नाही.

बिलोली हद्दीवरचा तालुका. सोयरीक पलीकडे बोधनला, निजामाबादला होते, कामाला माणसे हैदराबादला जातात. नवरा तेलंगणात असेल तर तिकडे जाऊन खटला लढवावा लागेल, असे सांगून बाईला परत पाठवले जाऊ नये. पत्नी जिथे राहते तिथल्या दंडाधिकाऱ्यांपुढे अर्ज करता येतो, हे आधीच्या संहितेतही होते आणि नव्या कलम १४५ मध्येही आहे. नवरा जाणूनबुजून नोटीस चुकवत असेल तर एकतर्फी चालवण्याची तरतूद आहे, आणि नव्या संहितेत समन्स इलेक्ट्रॉनिक मार्गाने पाठवण्याचीही सोय केलेली आहे. मुस्लिम पक्षकारांबाबतही एक गैरसमज अजून ऐकू येतो, की १९८६ च्या कायद्यानंतर तलाकशुदा बाईला या कलमाखाली काही मिळत नाही. १० जुलै २०२४ ला, तेलंगणातूनच गेलेल्या प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने कलम १२५ सर्व धर्मांच्या स्त्रियांना लागू आहे असे पुन्हा निःसंदिग्ध सांगितले. बिलोली, कुंडलवाडीसारख्या गावांत ही माहिती आपल्याशिवाय कोण पोहोचवणार?

समजा आदेश झाला. पुढची तक्रार वसुलीची आहे आणि तिच्याकडे सर्वांत कमी लक्ष जाते. रक्कम देणे झाल्यापासून एक वर्षाच्या आत वसुलीचा अर्ज करावा लागतो. पण आदेश मिळाला की प्रकरण संपले असे समजून फाईल बांधून ठेवली जाते, बाईला ही मुदत कोणी सांगत नाही, आणि ती दोन-तीन वर्षांनी परत आली की जुने महिने वॉरंटच्या वसुलीतून सुटतात. आदेशाच्या दिवशीच तिला कागदावर लिहून द्या: अमुक तारखेपर्यंत पैसे आले नाहीत तर अमुक महिन्यात ये. आदेशाची प्रत तिला मोफत द्यायची, हे संहितेतच लिहिले आहे. तिच्याकडून त्यासाठी पैसे घेतले जाऊ नयेत यावर आपण नजर ठेवू शकता. आणि “महिनाभर आत बसून आलो, आता फिटले” असे नवरा म्हणाला तर त्याच्या वकिलाने त्याला खरे सांगावे. कैद ही वसुलीची सक्ती आहे, कर्जफेड नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने साडेतीन दशकांपूर्वी स्पष्ट केलेले आहे.

बायका कायद्याचा गैरफायदा घेतात, कमावत्या असून खावटी मागतात, असे आपल्यापैकी काही जण मनापासून मानतात. काही प्रकरणांत ते खरेही असेल. पण त्यावरचा उपायही तेच शपथपत्र आहे, कारण ते तिलाही द्यावे लागते आणि खोटे निघाले तर तिच्यावरही कारवाई होऊ शकते. गैरफायद्याची ज्याला खरी काळजी आहे त्याने तर शपथपत्रांचा सर्वांत जास्त आग्रह धरायला हवा. दुसरे हल्ली ऐकू येते की लाडक्या बहिणीचे १,५०० रुपये येतातच, मग नवऱ्याने कशाला द्यायचे? ते पैसे सरकार देते, ते काढून घेण्याचाही अधिकार सरकारकडेच आहे. नवऱ्याची जबाबदारी लग्नातून आली आहे, ती सरकारी खात्यात जमा झालेल्या हप्त्याने कमी होत नाही.

शेवटचे मागणे कामाच्या वाटपाचे. तालुका विधी सेवा समितीकडून येणारी खावटीची प्रकरणे बहुधा नव्या, अननुभवी वकिलांच्या वाट्याला येतात, कारण त्यांत मिळणारे शुल्क थोडे असते. माझी विनंती आहे की आपल्यापैकी ज्येष्ठ मंडळींनी वर्षातून निदान काही प्रकरणे स्वतः घ्यावीत, आणि प्रत्येक तालुक्याच्या वकील संघाने खावटीच्या अर्जासाठी शेती करणाऱ्यांच्या शपथपत्राचा मराठी नमुना तयार करून तो न्यायालयाच्या आवारातल्या टंकलेखकांकडे ठेवावा. अंतरिम अर्जावर नवऱ्याच्या बाजूने दोनपेक्षा जास्त तारखा मागणार नाही, असा ठरावही संघ करू शकतो. त्याला ना सरकारी परवानगी लागते, ना निधी. तो ठराव झाला तर न्यायालयाच्या सूचनाफलकावर लावावा, म्हणजे बाहेर झाडाखाली बसलेल्या बाईलाही तो कोणाकडून तरी वाचून घेता येईल.



आपला नम्र,
बिलोली तालुक्यातील एक रहिवासी